बोलण्याची परवानगी

दोन्ही बाजू ऐकल्यावाचून निकाल देऊ नये, ही न्यायाची अगदी पहिली कल्पना. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या सदतिसाव्या आदेशाने मात्र तिला मुरड घातली आहे. हुंडी, वचनचिठ्ठी किंवा ठरावीक रकमेचा लेखी करार यांच्या आधारे संक्षिप्त दावा लागला, की प्रतिवादीने दहा दिवसांत हजर व्हावयाचे. पुढे निकालाचे समन्स मिळाल्यावर आणखी दहा दिवसांत शपथपत्र करून बचावाची परवानगी मागावयाची. ती नाकारली, तर तात्काळ हुकूमनामा! साक्षीपुरावा दूरच राहिला; 'मला काही सांगावयाचे आहे' एवढे म्हणण्यासाठीही अर्ज.

वाचकाला हे जुलमी वाटेल. पण समजा, इचलकरंजीच्या एका लहान सूतविक्रेत्याने उधारीवर माल दिला आणि मुदत भरल्यावर खरीददाराने सुताच्या प्रतीची तक्रार उकरून काढली. दावा जितकी वर्षे रेंगाळेल तितकी वर्षे विक्रेत्याचा पैसा खरीददाराच्या धंद्यात खेळणार. धनको नेहमी सावकारच असतो आणि ऋणको नेहमी गरीब, हे आपले कथा-कादंबऱ्यांतले गणित पेठेत चालत नाही. इंग्लंडात १८५५ साली हुंड्यांपुरता असा कायदा झाला, तो या वेळकाढूपणावरचा उतारा म्हणूनच.

तेव्हा परवानगी मागावी लागते यात मला अन्याय दिसत नाही. खरी अडचण पुढे आहे. बचाव भक्कम असेल तर परवानगी बिनशर्त, पोकळ असेल तर नकार. पण बचाव शक्य कोटीतला, तरी पटण्याजोगा नसेल तर? तेव्हा न्यायालय म्हणू शकते, 'रक्कम भरा किंवा तारण द्या, मग बोला.' आता दोन प्रतिवादींचा बचाव शब्दशः एकच आहे असे धरा. एकापाशी रक्कम आहे, दुसऱ्यापाशी नाही. पहिल्याचे ऐकले जाईल, दुसऱ्यावर हुकूमनामा होईल. सत्याचा थैलीशी संबंध काय?

शिवाय न पटणारा बचाव कोणाचा असतो? पुष्कळदा ज्याने कागद केला नाही त्याचा. १९५८ साली सर्वोच्च न्यायालयापुढे असाच एक खटला आला होता. धनादेश केवळ तारण म्हणून दिला होता, मालाची किंमत नंतर चुकती झाली, असे प्रतिवादीचे म्हणणे. लेखी पुरावा नाही म्हणून खालच्या न्यायालयाने तारणाची अट घातली; सर्वोच्च न्यायालयाने ती चूक ठरवली. पुराव्याची वेळ परवानगीनंतर येते, आधी नव्हे. हुंडीवरची सही हा विश्वास खराच, पण सही केलेला धनादेश दुसऱ्याच्या हाती ठेवणे हाही विश्वासच. कायद्याला पहिला दिसतो, कारण तो कागदावर असतो.

१९७६ च्या निर्णयातील सूत्रांत पोकळ बचाववाल्यालाही रक्कम भरून घेऊन दया दाखवण्याची सोय होती. (कायद्याच्या पुस्तकात हा शब्द किती अवघडून बसतो!) मुंबईहून वर गेलेल्या प्रकरणात २०१६ साली सूत्रे नव्याने मांडली गेली, त्यांत ती दया उरली नाही. त्याच प्रकरणात ४१८ कोटी रुपये भरा किंवा तेवढे तारण द्या, असा आदेश झाला. मोठ्या कंपनीला ते पेलेलही. मात्र त्याच सूत्रांत सुनावणीचा काळ आणि रीत यांवर अट घालण्याचाही मार्ग आहे. हातमागवाल्याला पैसे भरावयास सांगण्याऐवजी 'चार महिन्यांत पुरावा पुरा कर, तहकुबी मिळणार नाही' असे सांगितले, तर विक्रेत्याची मुख्य तक्रार मिटते आणि यालाही तोंड उघडता येते. न्यायाधीशाने हात आधी त्या अटीकडे न्यावा.