टेपचं दुसरं टोक

निकालाची नक्कल मिळाली त्याच संध्याकाळी पोरगा वकीलबाईंच्या दारात उभा राहिला. त्याचे वडील पहाटे सायकलला दुधाच्या किटल्या अडकवून डेअरीला निघाले होते. गावाबाहेरच्या वळणावर समोरून आलेल्या टेम्पोने त्यांना उडवलं. कलम 304-अ लागलं, तारखांवर तारखा पडल्या आणि शेवटी टेम्पोवाला सुटला. संशयाचा फायदा.

"बाई, अपील करायचंय. रात्री बसून लिहूनच आणलंय."

सात फुलस्केप होते. न्यायाधीशांनी टेम्पोमालकाकडे पाहून निकाल दिला, सरकारी वकील मॅनेज झाला, टपरीवाला गावचा असून फितूर झाला. बाईंनी सगळं शांतपणे वाचलं. रागाला मधेच अडवलं की तो वाढतो, हे कोर्टात केस पिकलेल्या माणसाला सांगावं लागत नाही.

"अपील होईल," त्या म्हणाल्या. "पूर्वी सरकारच्या तोंडाकडे बघत बसावं लागायचं. 2009 साली 372 कलमाची दुरुस्ती लागू झाली आणि मयताच्या वारसाला स्वतः जाता येऊ लागलं. नव्या कायद्यातही तो हक्क आहे. त्यासाठी वेगळी परवानगीही लागत नाही, हे 2018 मध्ये सुप्रीम कोर्टाने सांगितलंय. दार उघडं आहे. आत जाताना काय घेऊन जाणार?"

"खरं काय ते."

"ते कुठल्या पानावर आहे?"

पोरगा चिडला. "नुकसानभरपाईच्या दाव्यात टेम्पोचीच चूक धरली ना? मग इथे काय झालं?"

"तिथे पारडं कुणीकडे झुकतं एवढं बघतात. इथे शंकेला जागा उरता कामा नये. त्यात तो आता सुटलेला. कायदा त्याला निर्दोष धरून चालतोच, वर एका कोर्टाचा शिक्काही बसलाय. पुराव्याचे दोन अर्थ निघत असतील तर वरचं कोर्ट सहसा हात लावत नाही."

मग त्यांनी त्याला साक्षी मोठ्याने वाचायला लावल्या. टपरीवाला म्हणाला होता, टेम्पो भरधाव होता. उलटतपासात त्याने कबूल केलं, की आवाज आल्यावर मान वर केली. पोरगा थबकला. माणूस फितूर झालाच नव्हता, त्याने पाहिलं तेवढंच सांगितलं होतं. आणि नुसत्या भरधाव म्हणण्याने निष्काळजीपणा सिद्ध होत नाही, हे सुप्रीम कोर्ट 1998 मध्येच सांगून बसलंय. टेम्पो कुठल्या बाजूला होता, ब्रेक कधी लागला, हे त्याला कुणी विचारलंच नव्हतं. टपरीवाल्यावरचा परिच्छेद पोराने स्वतःच खोडला.

पुढे पंचनामा आला. पुसट कार्बन कॉपी. एका पंचाने साक्षीत हात झटकले होते : सही ठाण्यात केली, आत काय लिहिलंय ठाऊक नाही. (असे पंच गावोगाव सापडतात, आणि फितुरीच्या शिव्या मात्र साक्षीदाराला पडतात.) दुसरा पंच बांधकाम खात्यातला जुना मैलकुली. तो शपथेवर म्हणाला होता, टेपचं एक टोक मीच धरलं होतं. ब्रेकच्या खुणा 31 फूट, मधली पांढरी पट्टी ओलांडून थेट सायकलच्या बाजूच्या साइडपट्टीपर्यंत.

"निकालात याबद्दल काय म्हटलंय?"

पोराने दोनदा शोधलं. "पंचांची साक्ष विश्वासार्ह नाही. एवढंच."

"दोघांना एकाच ओळीत गुंडाळलं. हे आपलं अपील."

सातचं दीड पान झालं. आईची झोप उडाल्याचा मजकूरही गेला, त्यावर पोरगा थोडा भांडला. अपील दाखल झालं. अजून तारखा पडतायत.

पावसाळ्यात त्याच वळणावर एक मोटारसायकल ट्रकखाली गेली. गर्दी जमली, मोबाइल वर झाले. हवालदाराने "पंच कोण होतंय?" विचारताच गर्दी चार पावलं मागे सरली. पोरगा पुढे झाला, पण टेप धरण्याआधी पोलिसांनी कोरा कागदच पुढे केला.

"सही करून ठेव, भिजायला होतंय. बाकीचं ठाण्यात लिहितो."

"आधी मापं घेऊ, साहेब. इथेच लिहा. मी वाचून सही करतो."

हवालदार कुरकुरला. तेवढ्यात टपरीवाला छत्री घेऊन आला, ती त्याने कागदावर धरली आणि म्हणाला, "दुसरा पंच मला घाला."