आडातले पाणी

आडात नाही तर पोहऱ्यात कोठून येणार, ही म्हण आपल्या घराण्यांतून पिढ्यान्‌पिढ्या मुलांच्या कानी पडत आली. अनगोळच्या जुन्या घरांत मात्र आज उलटा प्रकार आढळतो. आडात पाणी आहे. पोहरा, दोर आणि कप्पी नाही. पाणी राकसकोपहून वा हिडकलहून नळाने येते. वाटेत वीज गेली अथवा जलवाहिनी फुटली की आम्ही घागरी मांडून टँकरची वाट पाहतो, आणि पाच पावलांवरचा आड फरशीखाली झाकलेला असतो.

यंत्रावर विसंबणे हाच दोष, असे आम्ही मानत नाही. राहाट ओढून ज्यांच्या हातांना घट्टे पडले, त्या आज्या-पणज्यांपुढे विहिरीचे गोडवे गाण्याचे धाडस कोणी करू नये. शिवाय जुनी पाणवठ्याची व्यवस्था सर्वांची नव्हती. मार्च 1927 मध्ये महाडच्या चवदार तळ्याचे पाणी पिण्यासाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांना सत्याग्रह करावा लागला. नळाने भेद संपवला नाही. पण ज्यांच्या घरात तो आला, त्यांचे काठावर दुसऱ्याच्या दयेची वाट पाहणे तरी सुटले.

प्रश्न निराळा आहे. ज्याची रोजची गरज उरली नाही, त्याची निगा राखणे हे कोणाचे कर्तव्य? डिसेंबर 1924 मध्ये महात्मा गांधींच्या अध्यक्षतेखाली काँग्रेसचे अधिवेशन बेळगावात भरले, त्यासाठी टिळकवाडीत मोठी विहीर खोदली गेली. पुढे 1995 च्या टंचाईत शहरातल्या जुन्या विहिरींचा गाळ काढून त्या वापरात आणाव्या लागल्या. खोदणाऱ्यांनी आपल्या गरजेपुरते खोदले होते. उपयोग नातवंडांना झाला.

परंतु विहीर संकटासाठी राखून ठेवता येत नाही. उपसा थांबला की पाणी नासते, गाळ साचतो, मग कचराही पडू लागतो. नळ बंद पडला तर तक्रार करता येते, कारण त्यामागे एक कार्यालय असते. विहिरीसाठी तक्रार करायला कोणीच नव्हते, म्हणून सारी गल्ली गाळ काढायला उतरत असे. नळाबरोबर आमच्या हातून सुटली ती ही सवय.

तेव्हा धुण्याला, झाडांना तरी रोज आडाचेच पाणी घ्यावे. पंप बसवला तरी कप्पी व दोर ठेवावा. वीज गेल्यावर पंपही नळाचाच भाऊ. मे महिन्यात पाणी खाली गेले की गल्लीने मिळून गाळ काढावा, आणि या खेपेस दोर कोणाच्या हाती आहे याची चौकशी करू नये. मात्र वर्षानुवर्षे झाकलेल्या आडात प्राणवायू कमी असू शकतो. जाणकार सोबत असल्याखेरीज त्यात कोणी उतरू नये.