औट्रम घाटातला लेफ्टनंट

अँटॉप हिल हे नाव ऐकायला अगदी इंग्रजी. पण जुनी माणसं सांगतात की ही मुळात कुणा अंतोबाची टेकडी. साहेबाच्या जिभेवर अंतोबाचा अँटॉप झाला आणि पुढे सरकारी वसाहतीच्या पत्त्यांपासून बेस्टच्या पाट्यांपर्यंत तसाच चिकटला. याची उलटी गंमत पाहायची तर चाळीसगावहून कन्नडकडे चढणाऱ्या घाटात जावं. तिथे साहेबाचं नाव मराठी तोंडात पार मुरलं आहे. एसटीत अडकलेला प्रवासी ‘औट्रम घाट’ म्हणतो तेव्हा त्याच्या डोळ्यांपुढे गोरा अधिकारी नसतो, ट्रकांची न हलणारी रांग असते.

हा अधिकारी म्हणजे जेम्स औट्रम. तो 1803 साली डर्बीशायरमध्ये जन्मला. वडील बेंजामिन नावाजलेले अभियंते, पण मुलगा दोन वर्षांचा असतानाच वारले. आईने ओढाताणीत मुलं वाढवली. 1819 मध्ये सोळाव्या वर्षी हा पोरगा ईस्ट इंडिया कंपनीच्या मुंबई लष्करात कॅडेट म्हणून उतरला, तोही अंगकाठीने किरकोळ. सहा वर्षांनी त्याची रवानगी खानदेशात झाली.

पेशवाई बुडाल्यावर 1818 मध्ये खानदेश कंपनीच्या हाती आला. पण हाती आला तो कागदावर. सातपुडा, सातमाळा आणि डांगच्या वाटा भिल्ल नाईकांच्या ताब्यात होत्या. गावची राखण करायची आणि त्याबद्दल ठरलेले हक्क घ्यायचे, ही त्यांची जुनी रीत. लढायांच्या धामधुमीत ती विस्कटली. हक्क बुडाले तसे राखणदारच वाटा लुटू लागले. कंपनीने पलटणी पाठवल्या, नाईक पकडले, काहींना फासावर चढवलं. पण पलटण डोंगरात शिरली की गोळीपेक्षा हिवतापानेच जास्त शिपाई आडवे होत. शेवटी गव्हर्नर माउंटस्टुअर्ट एल्फिन्स्टन यांनी ठरवलं की भिल्लांचीच फौज उभी करायची. हे काम बावीस वर्षांच्या लेफ्टनंटकडे आलं.

औट्रमच्या इंग्रज चरित्रांत इथून पुढे एक गोड गोष्ट सुरू होते. तो भिल्लांमध्ये नि:शस्त्र राहिला, त्यांच्याबरोबर जेवला, शिकारीला गेला आणि त्यांची मनं जिंकली. गोष्ट खोटी नाही, पण तिचं पहिलं पान गाळून सांगितली जाते. औट्रमने आधी भिल्लांच्या डोंगरातल्या ठाण्यांवर छापे घालून माणसं कैद केली. मग त्यांतल्या काहींना सोडून उरलेल्यांचे नातेवाईक आणायला धाडलं. भिल्ल पलटणीचा पाया घातला गेला तो असा. एका हातात ओलीस, दुसऱ्या हातात पगार. विश्वास त्यानंतर आला.

तो आला, हेही मात्र खरं. पलटण तयार झाली तेव्हा औट्रमच्या जुन्या रेजिमेंटमधल्या शिपायांनी या नव्या भरतीला आपल्या लाइनीत बोलावलं, शेजारी बसवलं आणि पानसुपारी दिली. त्या शिपायांत जातीचा ताठा असलेले पुष्कळ होते. ज्यांना कालपर्यंत चोर म्हणून धरत होते त्यांच्या तळहातावर आज विडा ठेवायचा, याचा अर्थ भिल्लांना कळला नसेल असं होणं शक्य नाही. औट्रमने ही घटना लिहून ठेवली, यावरून तोही ती जोखून होता. धरणगावला त्याचं ठाणं झालं. 1830 मध्ये डांगच्या मोहिमेचं नेतृत्व त्यानेच केलं.

शिकारीचाही हिशेब उरला आहे. 1825 ते 1834 या दहा वर्षांत औट्रम स्वतः हजर असताना 191 वाघ मारले गेले. वाघ समोर आल्यावर साहेब मागे सरत नाही, हे भिल्ल पाहत होते. डोंगरात त्याची पत वाढली ती हुकमापेक्षा यामुळे अधिक.

पुढची कारकीर्द नकाशाभर पसरलेली आहे: महीकांठा, अफगाणिस्तान, सिंध, इराण. सिंधच्या लढाईवरून तो तिथला सेनापती चार्ल्स नेपियर याच्याशी भांडला आणि लुटीतला आपला वाटा त्याने स्वतःसाठी ठेवला नाही. बडोद्याला रेसिडेंट असताना 1851 मध्ये तिथल्या लाचखोरीवर त्याने जहाल अहवाल लिहिला, तर मुंबई सरकारने त्यालाच पदावरून हटवलं. या लाचखोरीला तेव्हाचे इंग्रज कागद आपलाच शब्द वापरतात: ‘खटपट’. आज आपण एखाद्याला कौतुकाने खटपट्या म्हणतो. बडोद्यात हा शब्द बराच महाग पडला असता.

1857 च्या बंडात, सप्टेंबरमध्ये, वेढ्यातल्या लखनौच्या वाटेवर औट्रम हुद्द्याने वरिष्ठ होता. तरी त्याने जनरल हॅवलॉकच्या हाती नेतृत्व दिलं आणि स्वतः स्वयंसेवक म्हणून लढला. इंग्लंडात याची वाहवा झाली. 1863 मध्ये तो वारला तेव्हा वेस्टमिन्स्टर ॲबेत जागा मिळाली.

पण खानदेशाकडून पाहिलं तर बंडाच्या काळातली दुसरीच तारीख टोचते. लखनौ पुन्हा इंग्रजांच्या हाती पडून महिनाही झाला नव्हता, तेव्हा 11 एप्रिल 1858 रोजी सातपुड्यात अंबापाणीला इंग्रज फौज बंडखोर भिल्लांवर चालून गेली. भिल्लांच्या या उठावाचा म्होरक्या खाज्या नाईक. एके काळी सेंधव्याच्या घाटाची राखण करायला इंग्रजांनीच त्याला नोकरीवर ठेवलं होतं. आणि चालून गेलेल्या फौजेत भिल्ल पलटणही होती. पगार घेणारे भिल्ल आणि पगार सुटलेले भिल्ल समोरासमोर आले. औट्रमच्या चरित्राचं हे शेवटचं प्रकरण मानायला हवं, जरी त्या दिवशी तो तिथे नव्हता.

घाटाभोवतीच्या जंगलाला 1986 मध्ये अभयारण्याचा दर्जा मिळाला. त्याचं सरकारी नाव ‘गौताळा औट्रमघाट अभयारण्य’. वाघ तिथून केव्हाच संपले होते. मग 2021 च्या मार्चमध्ये यवतमाळच्या टिपेश्वरहून निघालेला एक तरुण वाघ शेकडो किलोमीटर चालून इथे पोचला आणि वनखात्याच्या कॅमेऱ्यात सापडला.