भाकरीने श्रद्धा बाटते का?

जुन्या मध्यप्रदेश सरकारने १९५४ साली मिशनऱ्यांच्या कामाची चौकशी करायला एक समिती नेमली. नागपूर उच्च न्यायालयाचे निवृत्त मुख्य न्यायाधीश भवानीशंकर नियोगी तिचे अध्यक्ष होते. अकोला-अमरावतीसह सगळा वऱ्हाड तेव्हा त्याच राज्यात होता. शाळा, दवाखाने आणि अनाथाश्रम यांच्या आडून आमिष दाखवले जाते, हा १९५६ च्या अहवालातला एक मोठा आक्षेप. तेव्हापासून धर्मांतराचा विषय निघाला की वाद याच ठिकाणी येऊन अडतो : पोटासाठी आला, म्हणजे श्रद्धा खोटी. हे समीकरण मला मान्य नाही. माणूस कशामुळे आला यावरून त्याच्या श्रद्धेचा निवाडा होत नाही. आल्यावर त्याला परत जायची मोकळीक होती का, हे आधी पाहावे लागते.

हे तपासायला स्कँडिनेव्हियाचा इतिहास फार उपयोगी आहे, कारण तिथे भूक आणि श्रद्धा एकाच जहाजात बसून देशाबाहेर पडल्या. स्वीडनमध्ये १७२६ च्या कायद्याने घरात खासगी प्रार्थनासभा भरवणे गुन्हा ठरवले होते; तो कायदा १८५८ मध्ये उठला. नॉर्वेत हान्स निल्सेन हाउगे या शेतकरी उपदेशकाला १८०४ मध्ये अटक होऊन पुढची कित्येक वर्षे कैदेत काढावी लागली. ४ जुलै १८२५ ला 'रेस्टोरेशन' नावाचे एक छोटे गलबत स्ताव्हांगेरहून निघाले. त्यावर क्वेकर आणि हाउगेपंथी मंडळी मिळून ५२ माणसे होती. तीन महिन्यांनी ते न्यूयॉर्कला लागले तेव्हा माणसे ५३ झाली होती. वाटेत एक बाळ जन्मले होते. हे लोक प्रार्थनेच्या स्वातंत्र्यासाठी निघाले, तसेच जमिनीसाठीही निघाले. पुढे १८६७ ते ६९ या वर्षांत स्वीडनमध्ये दुष्काळ पडला आणि गावेच्या गावे अमेरिकेच्या वाटेला लागली. त्यातच १८६९ मध्ये फ्रेडरिक फ्रान्सन हा सतरा वर्षांचा मुलगा नेब्रास्काला पोचला. या स्थलांतरिताने १८९० मध्ये शिकागोत स्कँडिनेव्हियन अलायन्स मिशन उभारले आणि विसाव्या शतकाच्या आरंभी त्याची माणसे पश्चिम खानदेशात, नंदुरबार-नवापूरच्या भिल्ल आणि मावची वस्तीत येऊन राहिली. दुष्काळाच्या लाटेत घर सोडणाऱ्या फ्रान्सनच्या श्रद्धेवर कोणी भाकरीचा आरोप ठेवत नाही.

मग आपल्याकडच्या भुकेल्यांनाच तो न्याय का नको? १८९७ आणि १८९९-१९०० च्या दुष्काळांत फ्रान्सनच्या मिशनहून वेगळ्या, न्यूयॉर्कच्या ए. बी. सिम्प्सन यांच्या अलायन्स मिशनने अकोल्यात मुलांचा आणि खामगावात मुलींचा अनाथाश्रम चालवला. तिथून ख्रिस्ती झालेल्यांच्या वंशजांना आजही 'दुष्काळातले' म्हणून हिणवले जाते, ते अन्यायाचे आहे. सतराव्या शतकातल्या दुष्काळात तुकोबांचा व्यापार बुडाला, थोरली बायको अन्नावाचून गेली आणि त्यानंतर ते भामनाथाच्या डोंगरावर जाऊन बसले. त्यांची विठ्ठलभक्ती दुष्काळाने उभी केली, असे म्हणून आपण तिची किंमत कमी करत नाही. आज अकोल्याच्या जठारपेठेतला मुलगा नोकरीसाठी न्यू जर्सीला जातो, तिथल्या मंदिरात गणपती बसवतो, आणि त्याच्या भक्तीला पगाराचा वास येतो असे आपल्या मनातही येत नाही.

यावर दोन आक्षेप येतात आणि दोन्ही भारी आहेत. पहिला असा, की विठोबाने तुकोबांना भाकरी दिली नव्हती. अनाथाश्रमात भाकरी देणारा आणि धर्म शिकवणारा एकच होता. दुसरा त्याहून कठीण : आश्रमातले पोर आठ वर्षांचे. त्याला निवड कसली? हे मला खोडून काढता येत नाही. स्वीडिश शेतकऱ्याने जहाजाचे तिकीट काढले ते जाणत्या वयात. अनाथ पोराला कोणीतरी उचलून आणले. मिशनऱ्यांच्या मनात श्रद्धा म्हणजे ज्याने त्याने स्वतः केलेला निर्धार, जसा निर्धार करून स्कँडिनेव्हियातल्या कित्येकांनी राजाचे चर्च सोडले होते. तोच निर्धार त्यांनी अजाण लेकरांकडून गृहीत धरला, ही त्यांच्याच तत्त्वाशी विसंगती होती, आणि ब्रिटिश सत्तेची सावली डोक्यावर असल्यामुळे या विसंगतीचा जाब विचारणारेही कमी होते. पण दोष घेणाऱ्याचा नाही, देणाऱ्याचा आहे; नेमका इथेच आपला वाद घसरतो आणि शिक्षा घेणाऱ्याच्या नातवंडांना होते.

उरते ती परतीच्या वाटेची कसोटी. तिच्यावर खुद्द स्वीडनही फार उशिरा उतरले. तिथल्या नागरिकाला दुसऱ्या पंथात नाव न घालता राष्ट्रीय चर्च सोडण्याची मुभा १९५१ च्या कायद्याने मिळाली, तर धर्मस्वातंत्र्य देणारे आपल्या राज्यघटनेचे पंचविसावे कलम त्याआधीच, २६ जानेवारी १९५० पासून, अमलात होते. अनाथाश्रमातली ती पोरे मोठी झाली, कमावती झाली आणि पुढे त्यांच्या संसारात हे कलमही आले. त्यानंतरही ज्या घरांनी दर रविवारी चर्चची वाट धरली, त्यांना भाकरीचा हिशेब विचारण्याचा अधिकार शेजाऱ्याला नाही, तसाच तो सरकारलाही नाही.