मोहाच्या बाजारातून परत

ख्रिस्तिना रोझेटी या इंग्रज कवयित्रीची ‘गॉब्लिन मार्केट’ ही कविता १८६२ साली प्रसिद्ध झाली. त्यातील लॉरा केसांची बट देऊन मायावी फेरीवाल्यांची फळे खाते. दुसऱ्या दिवशी त्यांची हाक तिला ऐकूही येत नाही. ती झुरू लागते. मोह असाच असतो. चव लावतो आणि पाठ फिरवतो.

बहीण लिझीने आधीच सावध केले होते. पण ‘सांगितले होते ना?’ म्हणत ती बसत नाही. ती त्याच बाजारात जाते, मार खाते, ओठ मात्र उघडत नाही. अंगाला फासलेल्या रसाने लॉरा वाचते.

निष्पाप असून आपल्यासाठी घाव सोसणारा प्रभू येशू इथे आठवतो. आपल्या घरातही कोणी व्यसनात, कोणी प्रेमभंगात झुरत असेल. बोल लावण्याआधी त्याच्याजवळ जाऊ या.