चूक दफ्तराची, वसुली शिक्षकाकडून

ज्या शिक्षकाने तीस-पस्तीस वर्षे जिल्हा परिषदेच्या वा अनुदानित शाळेत इमानाने अध्यापन केले, त्याचे सेवापुस्तक अखेरीस निवृत्तिवेतनाच्या निमित्ताने पडताळणीला जाते. तेथे पंधरा वर्षांपूर्वीची एखादी वेतननिश्चिती किंवा वरिष्ठ वेतनश्रेणी लागू केल्याची तारीख सदोष होती असा आक्षेप निघतो. आणि दरमहा काही शेकड्यांनी वाढत गेलेल्या त्या रकमेची बेरीज लाखांच्या घरात नेऊन तिच्या वसुलीचा हुकूम त्याच्या उपदानावर बजावला जातो. अशा जादा दिल्या गेलेल्या रकमेला सरकारी परिभाषेत अतिप्रदान म्हणतात. वेतननिश्चिती शिक्षक स्वतः करीत नाही. ती शाळेच्या वा पंचायत समितीच्या दफ्तरात तयार होते, शिक्षण खात्यात मंजूर होते आणि देयके पारित करणारेही निराळेच असतात. या साऱ्या हातांपैकी एकाचाही कसूर विचारात न घेता भुर्दंड मात्र ज्याच्या हातात लेखणी नव्हती त्याच्यावर पडतो.

वसुलीच्या बाजूचा युक्तिवाद तुच्छ लेखण्याजोगा नाही. चुकीने मिळालेला पैसा ज्याचा त्याला परत करावा, हे तत्त्व 1872 च्या भारतीय करार अधिनियमातील 72 व्या कलमात स्पष्टपणे आलेले आहे, आणि खजिन्यातील पैसा अखेर करदात्या रयतेचाच असतो. उत्तराखंडातील शिक्षकांच्या प्रकरणात 2012 साली सर्वोच्च न्यायालयाने याच भूमिकेवरून वसुली वैध ठरवली. त्यापूर्वी डिसेंबर 2008 मध्ये बिहारच्या शिक्षकांबाबत, त्यांनी कोणतीही दिशाभूल केलेली नसून नियमाचा चुकीचा अर्थ प्रशासनानेच लावला होता, म्हणून त्याच न्यायालयाने वसुलीस मनाई केली होती. मात्र ही सवलत कर्मचाऱ्याचा हक्क म्हणून नव्हे, तर समन्यायाच्या दृष्टीने दिली आहे, हेही नमूद केले होते.

या दोन टोकांमधील वाट 18 डिसेंबर 2014 च्या, पंजाबातून आलेल्या प्रकरणातील निवाड्याने आखून दिली. तृतीय व चतुर्थ श्रेणीचे कर्मचारी, निवृत्त झालेले वा वर्षभरात निवृत्त होणारे, आणि ज्यांना हुकुमापूर्वी पाच वर्षांहून अधिक काळ जादा रक्कम मिळत राहिली असे कर्मचारी यांच्याकडून वसुली करू नये, असे त्यात सांगितले आहे. वरिष्ठ पदाचे काम ज्यांच्याकडून गैररीतीने करवून घेतले गेले त्यांनाही हेच संरक्षण आहे, आणि जेथे वसुली अन्यायकारक वा अतिकठोर ठरेल अशा अन्य प्रसंगांचीही त्यात तरतूद आहे. आमच्या जिल्हा परिषदेचा प्राथमिक शिक्षक तृतीय श्रेणीतच मोडतो. निवृत्तीच्या वेळी तर यांतील दोन-तीन निकष त्याला एकाच वेळी लागू पडतात.

तरीही हुकूम निघतातच, आणि त्यांच्या समर्थनार्थ वचनपत्र पुढे केले जाते. लेखी हमी दिलेल्या एका न्यायिक अधिकाऱ्याकडून वसुली योग्य असल्याचे सर्वोच्च न्यायालयाने 2016 मध्ये म्हटले, हे खरे. परंतु कायदा ज्याचा व्यवसाय आहे अशा अधिकाऱ्याची सही आणि नव्या वेतन आयोगाचा पगार सुरू व्हावा म्हणून छापील कागदावर खेड्यातल्या शिक्षकाने केलेली सही यांना एकाच तागडीत घालणे मला न्याय्य वाटत नाही. सही नाकारण्याची मोकळीक ज्याला नव्हती, त्याची सही ही संमती कशी मानावी?

मला सर्वांत गंभीर वाटते ती काळाची विषमता. साध्या धनकोला उसने दिलेल्या पैशासाठी तीन वर्षांच्या आत दावा लावावा लागतो. 1963 च्या मुदत अधिनियमाने सरकारला दाव्यासाठी तीस वर्षे दिली आहेत. उपदानातून रक्कम कापून घेताना तर दावा लावण्याचीही गरज पडत नाही. धनको, हिशेबनीस आणि न्यायाधीश ही तिन्ही कामे एकच कार्यालय करते, आणि दाद मागण्याचा, वकील देण्याचा, वर्षानुवर्षे तारखा मोजण्याचा सारा भार साठीच्या माणसावर येतो. मिळालेले वेतन त्याने मुलांच्या शिक्षणात, आईवडिलांच्या औषधोपचारात, घराच्या हप्त्यांत केव्हाच खर्चलेले असते, तेही ते आपल्या कष्टाचे आहे अशा निःशंक श्रद्धेने. केरळातील एक शिक्षक 1999 मध्ये निवृत्त झाले. त्यांच्याकडील वसुली गैर असल्याचा अंतिम निवाडा सर्वोच्च न्यायालयातून आला तो 2022 च्या मे महिन्यात, तेवीस वर्षांनी. न्याय मिळाला, पण तो मिळेपर्यंत एका वृद्धाचे सारे निवृत्तजीवन त्या खटल्याच्या छायेत गेले.

ज्याने लबाडीने वेतन उचलले त्याला हे संरक्षण मिळू नये, आणि सदोष वेतननिश्चिती पुढील काळासाठी अवश्य दुरुस्त व्हावी. परंतु केंद्र सरकारने 2 मार्च 2016 च्या ज्ञापनाने पंजाब निवाड्याचे निकष आपल्या सर्व खात्यांपुढे ठेवले, तसा ते निकष काटेकोरपणे पाळण्याचा दंडक प्रत्येक शिक्षणाधिकाऱ्यावर असावा, आणि वेतननिश्चितीची पडताळणी निवृत्तीपर्यंत न लांबवता वेतन आयोग लागू झाल्यापासून दोन वर्षांच्या आत पुरी करण्याचे बंधन सरकारने स्वतःवर घालून घ्यावे. आणि आज रुजू होणाऱ्या तरुण शिक्षकांना माझी कळकळीची विनंती आहे: आपले दुय्यम सेवापुस्तक दरवर्षी अद्ययावत करून घ्या, प्रत्येक वेतनवाढीची नोंद स्वतः वाचा, आणि शंका आली तर त्याच वर्षी लेखी अर्ज देऊन त्याची पोच जपून ठेवा.