मोजणाऱ्याला कोण मोजतं?

२००१ च्या जनगणनेत माझ्या आईनं घरातली माणसं पाच सांगितली. आम्ही होतो सहा. राहून गेलेला सहावा मी. त्या वेळी मी दोन कोसांवरच्या एका वाडीत उंबऱ्या-उंबऱ्यावर बसून दुसऱ्यांची माणसं मोजत होतो.

मी जिल्हा परिषदेचा शिक्षक. नोकरीत तीन जनगणना केल्या : १९९१, २००१ आणि २०११. कागदोपत्री आमचं नाव ‘प्रगणक’. हा शब्द गावात कोणाच्या तोंडी मी ऐकला नाही. म्हातारी माणसं ‘खानेसुमारीचे मास्तर’ म्हणायची. खाना म्हणजे घर आणि सुमारी म्हणजे मोजणी, फारशीतून आपल्या दफ्तरात आलेला शब्द. पोरं सरळ ‘यादीवाले गुर्जी आले’ म्हणून ओरडत पुढं पळायची. यादीही फारशीच. मुळात ‘याद’, म्हणजे आठवण. विसरू नये म्हणून लिहायची ती यादी.

निवृत्तीनंतर वाईला राहायला आलो. कृष्णेच्या घाटाजवळ एका जुन्या वाड्याच्या सोप्यात दर गुरुवारी संध्याकाळी एक शास्त्रीबुवा सांख्यकारिका शिकवतात. आम्ही सात-आठ जण सतरंजीवर. पहिल्या दिवशी बुवांनी विचारलं, “सांख्य म्हणजे कोण?” बँकेतून निवृत्त झालेले एक जण म्हणाले, “कपिलमुनींचे अनुयायी.” मी म्हणालो, “मोजणारे.” बुवा हसले. म्हणाले, “बरोबर आहे गुरुजी. पण कशासाठी मोजणारे, हे कळायला वर्ष जाईल.” वर्ष गेलं, दुसरंही सरत आलं. जे थोडं उमगलं ते इथं मांडतो.

संख्या हा शब्द आपण आकड्यापुरता ठेवून घेतला आहे. त्याची घडण ‘सम्’ आणि ‘ख्या’ अशी. ख्या म्हणजे सांगणं, उजेडात आणणं. ख्याती, आख्यान, व्याख्या हे सगळे त्याच घरचे. तेव्हा संख्या म्हणजे नीट आणि पुरतं सांगणं. एक-दोन-तीन हा त्यातला एक प्रकार झाला. अमरकोशात पंडिताला जे पर्यायी शब्द दिले आहेत त्यांत ‘संख्यावान’ आहे. तो काही गणितात हुशार असलेला माणूस नव्हे, तर विचार करून बोलणारा. म्हणून ‘सांख्य’ या शब्दात दोन माणसं शेजारी-शेजारी बसली आहेत, एक मोजणारा आणि एक विवेकानं जाणणारा. महाभारताच्या शांतिपर्वात दोघंही भेटतात. कौटिल्यानं आन्वीक्षिकीत, म्हणजे तपासून पाहायच्या विद्येत, योग आणि लोकायत यांच्याबरोबर सांख्यालाही बसवलं आहे.

गीतेत मात्र माझ्यासारख्याची फसगत होते. दुसऱ्या अध्यायाचं नाव सांख्ययोग. तिथं पंचवीस तत्त्वांची यादी असेल म्हणून शोधायला जावं तर ती नाही. देह वेगळा आणि देहात राहणारा वेगळा, एवढंच तिथं उलटसुलट सांगितलं आहे. तत्त्वं ओळीनं मोजली जातात ती तेराव्या अध्यायात. तिसऱ्या आणि पाचव्या अध्यायात तर सांख्य म्हणजे ज्ञानमार्गी, कर्मयोग्यांच्या समोर उभे केलेले. लोकमान्यांनी १९१५ मध्ये छापून आलेल्या गीतारहस्यात कापिल सांख्यशास्त्राला एक आख्खं प्रकरण दिलं आणि हे दोन अर्थ एकमेकांत मिसळू नका, असं बजावलं. आज मराठीत सांख्य हा शब्द कीर्तनात आणि परीक्षेच्या पेपरात उरला आहे. त्याचा नातू ‘सांख्यिकी’ सरकारी पाट्यांवर नोकरी करतो.

माझी अडचण शब्दकोशातली नव्हती. मोजण्याचा आणि मोक्षाचा संबंध काय, ही होती. आपल्याकडे मोजणाऱ्याला मान नाही. जेवणाऱ्याच्या पोळ्या मोजू नयेत, दृष्ट लागते. खळ्यावर धान्य मापताना पहिल्या मापाला ‘एक’ म्हणत नाहीत, ‘लाभ’ म्हणतात, आणि मग दोन, तीन. पैसे मोजत बसणारा तो कवडीचुंबक. असं असताना एका आख्ख्या दर्शनानं मोजणारे हे नाव का मिरवावं?

आधी त्यांची यादी पाहू. मूळ प्रकृती एक. तिच्यातून बुद्धी, बुद्धीतून अहंकार. अहंकारातून एका बाजूला मन, पाच ज्ञानेंद्रियं आणि पाच कर्मेंद्रियं, दुसऱ्या बाजूला पाच तन्मात्रं. तन्मात्रांतून पाच महाभूतं. ही झाली चोवीस. पंचविसावा पुरुष. तो कशातून निघत नाही आणि त्याच्यातून काही निघत नाही. पाहणं एवढंच त्याचं काम.

यादी पाठ व्हायला वेळ लागला नाही, पाढे शिकवण्यात जन्म गेलेला. धक्का बसला तो वाटणीचा. माझी बुद्धी, माझा अहंकार, माझं मन ही मंडळी पुरुषाच्या बाजूला नाहीत. ती माती-पाण्याच्या पंगतीला बसवलेली आहेत. बुवा एकदा म्हणाले, “‘मला राग आला’ हे वाक्य घ्या. यातलं काय काय चोविसात जातं?” आम्ही एकेक शब्द काढत गेलो. राग गेला, येणं गेलं. शेवटी ‘मला’ही गेलं. बँकेतले गृहस्थ कासावीस होऊन म्हणाले, “बुवा, मग उरलं काय?” बुवा म्हणाले, “तुम्ही हे सगळं जाताना पाहिलंत ना?”

मला माझा जनगणनेचा तक्ता आठवला. नाव, वय, धर्म, शिक्षण, धंदा. सगळे रकाने त्या चोविसांपैकीच कोणाचे तरी. ‘आहे’ एवढंच ज्याच्याबद्दल म्हणता येईल त्याच्यासाठी रकाना नव्हता, आणि तरी तो आहे म्हणून तर ओळ भरायची.

मग कशासाठी मोजायचं, हे मला पुस्तकात नाही, पुतणीच्या लग्नात समजलं. दुसऱ्या दिवशी सकाळी मंडपवाल्याचा टेम्पो दारात उभा. अंगणात भांड्यांचा ढीग. आदल्या दिवशी आलेल्या यादीवर माझं बोट आणि समोर त्याचा पोरगा : पराती बारा, बादल्या दहा, ओगराळी आठ, घमेली सहा. मोजायचं आणि टेम्पोत टाकायचं. त्यात घरची भांडी मिसळलेली असतातच. मंडपवाल्याची ती त्याच्याकडे गेली की मागं जे उरतं ते घरचं. शेवटी हौदाच्या कडेला एकच तांब्या राहिला. वहिनी म्हणाली, “हा आपला, राहू द्या.”

मोजण्याचे हे दोन प्रकार आहेत. कवडीचुंबक ठेवून घेण्यासाठी मोजतो. सांख्य मोजतात ते ज्याचं त्याला परत करण्यासाठी. बुद्धी प्रकृतीची, प्रकृतीच्या टेम्पोत. अहंकार प्रकृतीचा, टाका. यात एक वस्तू जरी मोजायची राहिली, तर ती आपली समजून आपण घरात नेऊन ठेवणार. म्हणून यादी पुरती हवी. ‘सम्’ हा उपसर्ग उगाच लागलेला नाही.

आणि पुरती म्हणजे किती पुरती! चोवीस-पंचविसांवर हे लोक थांबत नाहीत. बुद्धीच्या अवस्था पन्नास मोजतात : विपर्यय पाच, अशक्ती अठ्ठावीस, तुष्टी नऊ, सिद्धी आठ. तुष्टी म्हणजे संतोष आणि संतोष म्हणजे सद्गुण, असंच मी धरून चाललो होतो. इथं ती अडथळ्यात मोजली आहे. वाटेत मध्येच ‘आता पुरे’ म्हणून बसकण मारण्याचे नऊ प्रकार. त्यातल्या एकीचं नाव काल आणि दुसरीचं भाग्य. वेळ आली की आपोआप होईल, ही पहिली. नशिबात असेल तर होईल, ही दुसरी. कारिका इसवी सनाच्या चौथ्या-पाचव्या शतकाच्या सुमाराची धरतात, पण ही दोन वाक्यं मी चाळीस वर्षं पालकांच्या तोंडून ऐकली. खरं सांगायचं तर शिक्षकांच्या खोलीतही ऐकली आणि स्वतःही म्हटली. आळसाला नशिबाचं नाव देऊन आपण तो खिजगणतीतूनच काढून टाकतो. सांख्यांनी त्याला क्रमांक देऊन ओळीत उभा केला.

तरी या दर्शनाशी माझं एक भांडण उरलंच. ते त्या वाडीतल्या एका आज्जींनी लावून दिलं.

२००१ सालचीच गोष्ट. मी विचारलं, “आज्जी, घरात माणसं किती?” म्हणाल्या, “आठ.” नावं घ्यायला लागलो तर सात. आठवा मधला मुलगा, मुंबईत माथाडी कामाला, नऊ वर्षं तिकडंच. मी समजावलं की जो जिथं राहतो तिथं त्याला मोजतात.

“त्याला तिकडं मोजत्यात?”

“मोजतात की.”

“कोन मोजतंय? त्या मास्तराला ठावं हाय का, ह्यो कोनाचा कोन?”

मी गप्प. मग त्याच म्हणाल्या, “लिवा तर सात. तुमचा कायदा आसंल. पर म्या आठच म्हननार.”

सांख्यमताप्रमाणे प्रकृती एक, पण पुरुष अनेक. त्यांचा मुद्दा साधा आहे : सगळे एकच असते तर एक मेल्यावर सगळे मेले असते, एकाला दिसल्यावर सगळ्यांना दिसलं असतं. वेदान्त्यांना हे अनेकपण मान्य नाही. ते विचारतात की नाव-गाव, रूप-रंग सगळं प्रकृतीकडं परत गेल्यावर हा पुरुष आणि तो पुरुष यांत फरक कशानं करणार? प्रश्न बिनतोड आहे आणि बुवांकडंही त्याचं समाधानकारक उत्तर नाही. मला मात्र आज्जींमुळे सांख्यांची बाजू सोडवत नाही. त्यांचा आठवा दुसऱ्या कोणानं भरून निघणारा नव्हता. गणतीत तो मुंबईचा होता, यादीत त्यांचा. गणती आणि याद या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे मला त्या उंबऱ्यावर कळलं.

एक उणं पडण्याची गंमत सांख्यांच्या स्वतःच्या पोथीतही आहे. ईश्वरकृष्णानं रचलेल्या सांख्यकारिकेत सत्तर आर्यांचा, म्हणजे आर्या वृत्तातल्या श्लोकांचा, उल्लेख आहे. शेवटच्या गुरुपरंपरेच्या आर्या सोडून विषयाच्या मोजल्या तर भरतात एकोणसत्तर. मोजणाऱ्यांच्या ग्रंथाची मोजणी चुकावी! टिळकांनी हे धरून ठेवलं. कारिकांवरचं गौडपादाचं भाष्य वाचताना त्यांना दिसलं की एकसष्टाव्या आर्येवरचं भाष्य त्या आर्येच्या मापाचं नाही, दोन आर्यांना पुरेल इतकं आहे. त्यावरून त्यांनी हरवलेली आर्या नव्यानं रचून दाखवली. तिच्यात ईश्वराला जगाचं कारण मानायला नकार होता, म्हणून कोणीतरी ती गाळली असावी, असा त्यांचा तर्क. पुढं काही पंडितांनी तो मानला नाही. मला त्यातला मास्तर आवडतो. पटावर सत्तर आणि वर्गात एकोणसत्तर असतील तर दार लावून पुढचा धडा सुरू करायचा नाही. कोण आलं नाही ते पाहायचं.

आता आईकडे येतो.

आमच्या गल्लीला जो सहकारी प्रगणक होता, त्यानं मार्चच्या पहिल्या आठवड्यात फेरतपासणीच्या वेळी मला रस्त्यातच गाठलं. “गुरुजी, तुमच्या घरी पाचच कशी?” मी घरी येऊन आईला विचारलं. ती चुलीपुढं बसली होती. मान वर न करता म्हणाली, “तू तर मोजणारा. मोजणारा कुठं मोजायचा असतो?” आकडा दुरुस्त झाला, सहकाऱ्यानं आठवडाभर चेष्टा केली आणि मी ते विसरलो.

विद्यारण्यांच्या पंचदशीतली गोष्ट बुवांनी सांगितली तेव्हा ते आठवलं. दहा जण नदी उतरून पलीकडं गेले. कोणी वाहून तर गेलं नाही ना म्हणून प्रत्येकानं मोजलं. नऊच भरले. प्रत्येकजण स्वतःला सोडून मोजत होता. दहावा बुडाला म्हणून सगळे रडायला लागले. वाटसरूनं एकाला सांगितलं, अरे, दहावा तूच आहेस. वर्गात सगळे हसले. मी म्हणालो, “बुवा, माझी आई त्या दहा जणांपेक्षा वेगळी होती. ते विसरले होते. तिनं समजून-उमजून सोडलं.” बुवा थोडा वेळ बोलले नाहीत. मग म्हणाले, “सांख्यांनी पंचविसावा यादीत घातला खरा, पण बाकीच्या चोविसांपैकी कोणाशीही त्याचं कार्य-कारणाचं नातं लावलं नाही. घातलाही आणि बाहेरही ठेवला. तुमच्या आईंनी अर्धं काम केलं, सहकाऱ्यानं अर्धं.”

जनगणना २०२१ ला व्हायची ती राहिली. आता १ मार्च २०२७ च्या हिशेबानं होते आहे, मोबाइलवर. त्यात स्वगणनेचीही सोय आहे. आपली माणसं आपणच भरायची, म्हणजे मोजणाराही मीच आणि मोजला जाणाराही. आई गेली त्याला अकरा वर्षं झाली. मुलगा-सून पुण्यात, त्यांना तिकडं मोजतील. वाईच्या घरात आम्ही दोघं. आकडा दोन भरीन, नियमाप्रमाणे. मग बायको विचारील, झालं का सगळं भरून, तेव्हा त्या आज्जींसारखं उत्तर द्यायचं मी ठरवून ठेवलं आहे.